नेत्यांच्या आडनावांवरून पडलेली राजकीय नावे: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

'अमुकवादी', 'तमुक गट', 'फलाण्यांचे समर्थक' अशा नावांविषयी रायगड, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांतील वाचक, वार्ताहर आणि स्पर्धा परीक्षांचे विद्यार्थी पुन्हा पुन्हा जे प्रश्न पाठवतात, ते येथे एकत्र केले आहेत. प्रत्येक उत्तर स्वतंत्रपणे वाचता येईल असे ठेवले असून, एखादा मुद्दा दुसरीकडे सविस्तर आला असल्यास त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. 'गांधीवादी' आणि 'राणे समर्थक' ही दोन्ही नावे आडनावांवरूनच झाली आहेत. ती एकाच प्रकारची मानावीत का?

मानू नयेत. आडनावावरून पडलेले राजकीय नाव विचार सांगते, निष्ठा सांगते किंवा आरोप करते. गांधीवादी माणसाने गांधीजींना पाहिलेले असण्याची गरज नसते. सत्याग्रह, साधनशुचिता, ग्रामोद्योग यांविषयीची एक भूमिका त्याने स्वीकारलेली असते आणि तिच्या आधारे तो गांधीजींच्या एखाद्या निर्णयावर टीकाही करू शकतो. समर्थकाचे तसे नसते. त्याची भूमिका नेत्याबरोबर चालते आणि नेत्याने पक्ष बदलला तर बहुधा तोही बदलतो. तिसऱ्या प्रकारात ते नाव धारण करणारा कोणी नसतोच, विरोधकांनी ते चिकटवलेले असते. शिवाय एकच शब्द एकाच्या तोंडी अभिमानाचा आणि दुसऱ्याच्या तोंडी टोमण्याचा असू शकतो. त्यामुळे तो कोणी, कोणाविषयी आणि कोणत्या साली वापरला हे पाहिल्याशिवाय अर्थ ठरवता येत नाही.

२. 'वाद', 'वादी', 'पंथी', 'गट', 'समर्थक' यांपैकी कोणता शब्द केव्हा लावावा?

'वाद' हा विचारप्रणालीला आणि 'वादी' हा ती मानणाऱ्याला लागतो, म्हणून त्यापूर्वीच्या आडनावामागे लेखन, भाषणे किंवा निदान सुसंगत धोरण असावे लागते. 'गट' म्हणजे एका पक्षातील किंवा पक्ष फुटल्यानंतरची संघटित फळी. तिला सदस्य, पदाधिकारी आणि बहुधा विधिमंडळातील संख्या असते. 'समर्थक' हा सर्वांत सैल शब्द आहे, कारण त्याला सदस्यत्वाची पावती लागत नाही. 'पंथी' आता नव्याने फारसा लावला जात नाही. तो लोकमान्यांच्या काळाचा असून त्यात धोरण आणि गुरुभाव दोन्ही मिसळलेले आहेत (प्रश्न ४ पाहावा).

शब्द बरोबर बसला आहे का, हे प्रत्यय बदलून पाहिल्यास लगेच कळते. 'राणेवाद' कोणी म्हणत नाही आणि 'लोहिया गट' म्हटले तर ते समाजवाद्यांच्या १९५५ च्या पक्षफुटीविषयीच बोलणे होते (प्रश्न ७ पाहावा). मालवणीत तर प्रत्ययाचीही गरज पडत नाही: 'तो राण्यांचो' एवढे म्हटले की षष्ठी विभक्तीच निष्ठा सांगून मोकळी होते.

तुच्छता दाखवण्यासाठी मराठी वेगळी नामे वापरते: कंपू, टोळी, चेले, चमचे. इंग्रजीत ट्रॉट्स्कीच्या अनुयायांसाठी दोन प्रत्यय आहेत, एक त्यांनी स्वतः घेतलेला आणि एक विरोधकांनी हिणवण्यासाठी लावलेला. मराठीत दोघांनाही 'ट्रॉट्स्कीवादी' असेच म्हणावे लागते. इंग्रजी बातमी मराठीत आणताना हा सूर हरवतो, तो वाक्यातील अन्य शब्दांनी भरून काढावा.

३. ही नावे नेते स्वतः ठेवतात का?

क्वचितच. अनुयायी, विरोधक किंवा वृत्तपत्रे ती ठेवतात आणि अनेकदा नेत्याला ती आवडत नाहीत. फ्रान्समधील काही अनुयायांचे बोलणे ऐकून मार्क्स यांनी 'निदान मी तरी मार्क्सवादी नाही' अशा अर्थाचे उद्गार काढले होते, असे एंगेल्स यांनी पत्रांत नोंदवले आहे. गांधीजींनीही १९३६ साली गांधी सेवा संघाच्या मेळाव्यात 'गांधीवाद' अशी काही गोष्ट नाही आणि आपल्यामागे पंथ ठेवण्याची आपली इच्छा नाही, असे स्पष्ट केले होते. शब्द मात्र त्यांच्या इच्छेवाचून चालत राहिला.

विरोधकांनी ठेवलेल्या नावाचे ठळक उदाहरण म्हणजे 'मॅककार्थीवाद'. अमेरिकी सिनेटर जोसेफ मॅककार्थी यांनी १९५० पासून सरकारी नोकरांवर कम्युनिस्ट असल्याचे आरोप सुरू केले, तेव्हा टीकाकारांनी हा शब्द घडवला. आज पुराव्याविना बदनाम करण्याच्या पद्धतीला तो लावला जातो आणि स्वतःला कोणी 'मॅककार्थीवादी' म्हणवून घेत नाही. याउलट २०१० च्या अमेरिकी आरोग्यविमा कायद्याला विरोधकांनी हेटाळणीने 'ओबामाकेअर' म्हटले आणि पुढे ओबामा यांनी तेच नाव आनंदाने स्वीकारले. नाव कोणी ठेवले हे कळल्यावर ते आज कोण मिरवतो, हेही पाहावे लागते.

४. टिळकपंथी म्हणजेच जहाल ना?

सर्व टिळकपंथी जहाल होते, पण सर्व जहाल टिळकपंथी नव्हते. 'जहाल' हे धोरणाचे नाव असून त्यात पंजाबातील लाला लजपतराय आणि बंगालमधील बिपिनचंद्र पाल हेही येतात. त्यांना टिळकांचे सहकारी म्हणता येईल, पंथातले म्हणता येणार नाही. 'टिळकपंथी' हा शब्द मुख्यतः महाराष्ट्रातील त्या कार्यकर्त्यांसाठी आहे, ज्यांनी 'केसरी'ची भूमिका आणि लोकमान्यांचे नेतृत्व दोन्ही मानले.

कोकणच्या वाचकांसाठी यात एक गंमत आहे. १९०७ साली सुरतेला काँग्रेस फुटली तेव्हा जहाल बाजूचे प्रमुख टिळक आणि मवाळ बाजूचे प्रमुख गोखले हे दोघेही रत्नागिरी जिल्ह्यात जन्मलेले होते. टिळकांचा जन्म १८५६ साली रत्नागिरीत झाला, तर गोखल्यांचा १८६६ साली गुहागर तालुक्यातील कोतळूक येथे. तरीही 'गोखलेपंथी' हा शब्द तितका रुजला नाही, कारण गोखल्यांचे अनुयायी भारत सेवक समाज या संस्थेच्या नावाने ओळखले गेले.

१ ऑगस्ट १९२० रोजी टिळक गेल्यानंतर हा शब्द अडचणीचा होतो. त्यांच्या अनुयायांपैकी काही जण गांधीजींच्या असहकाराकडे गेले, तर न. चिं. केळकर यांच्यासारख्यांनी प्रतियोगी सहकाराची, म्हणजे सरकार जितके सहकार्य करील तितकेच आपण करण्याची, भूमिका घेतली, आणि आपण टिळकांचेच धोरण चालवीत आहोत असा दोन्ही बाजूंचा दावा होता. म्हणून १९२० नंतरच्या संदर्भात केवळ 'टिळकपंथी' असे न लिहिता तो कार्यकर्ता कोणत्या बाजूचा होता, हे पुढे सांगावे.

५. 'आंबेडकरवादी', 'आंबेडकरी' आणि 'रिपब्लिकन' यांत फरक आहे का? आमच्याकडे तिन्ही शब्द एकाच माणसाला लावतात.

फरक आहे, आणि एकाच माणसाला तिन्ही शब्द लागू शकतात हेही खरे आहे. 'आंबेडकरवादी' म्हणजे डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे जातिनिर्मूलन, घटनात्मक लोकशाही आणि सामाजिक समतेचे विचार मानणारा. त्याची जात, धर्म किंवा पक्ष कोणताही असू शकतो. 'आंबेडकरी' हे विशेषण अधिक व्यापक आणि अधिक जवळिकीचे आहे. आंबेडकरी चळवळ, आंबेडकरी जलसे, आंबेडकरी साहित्य, आंबेडकरी जनता या प्रयोगांत विचाराबरोबर एक समूह, त्याचा इतिहास आणि त्याची गाणीही येतात. तेथे 'वादी' घातला तर शब्द कोरडा होतो. 'रिपब्लिकन' हे पक्षाचे नाव आहे. बाबासाहेबांच्या पश्चात १९५७ साली रिपब्लिकन पक्ष स्थापन झाला आणि पुढे तो अनेकदा फुटला.

त्या फुटींमुळे एकाच चळवळीत आडनावांचे दोन थर दिसतात. वरच्या थरावर आंबेडकर हे विचाराचे नाव आहे, तर खाली गवई गट, आठवले गट, खोब्रागडे गट ही संघटनेची नावे आहेत. 'आठवलेवादी' असे कोणी लिहीत नाही, कारण मतभेद नेतृत्वाविषयी आणि युतीविषयी होते, मूळ विचाराविषयी सर्वांचा दावा एकच होता. 'आंबेडकर गट' हा प्रयोग मात्र शक्यतो टाळावा. प्रकाश आंबेडकर यांचा पक्ष अभिप्रेत असल्यास त्या पक्षाचे नाव लिहावे, अन्यथा आजोबांच्या विचाराचे आणि नातवाच्या पक्षाचे नाव एकमेकांत मिसळते.

हे आडनावही कोकणातलेच आहे; त्याचा धागा मंडणगड तालुक्यातील आंबडवे या गावाशी जातो. महाडचा १९२७ चा चवदार तळ्याचा सत्याग्रह आणि खोती पद्धतीविरुद्धचा लढा याच किनारपट्टीवर झाला. त्यामुळे येथील वृद्ध कार्यकर्ते 'आंबेडकरवादी' हा शब्द न वापरता 'आम्ही बाबासाहेबांची माणसं' असे म्हणतात तेव्हा ते निष्ठा आणि विचार दोन्ही एका दमात सांगत असतात. प्रश्न १ मधील विभागणी येथे पुरी पडत नाही.

६. गांधीवादी म्हणजे काँग्रेसवाला का? आणि सोनिया किंवा राहुल गांधी यांच्या समर्थकांना गांधीवादी म्हणता येईल का?

दोन्ही प्रश्नांचे उत्तर नाही असे आहे. 'गांधीवादी' हा शब्द महात्मा गांधींच्या विचाराशी बांधलेला आहे आणि अनेक गांधीवाद्यांनी पक्षीय राजकारणापासून कटाक्षाने दूर राहून खादी, सफाई, भूदान अशी कामे केली. इंदिरा गांधी यांना ते आडनाव पती फिरोज गांधी यांच्याकडून मिळाले आणि त्या कुटुंबाचे महात्माजींशी रक्ताचे नाते नाही. त्यांच्या समर्थकांसाठी 'गांधी घराण्याचे निष्ठावंत' किंवा १९७८ नंतरच्या काळासाठी 'इंदिरा काँग्रेसचे' असे लिहावे (प्रश्न ११ पाहावा).

गांधी हे आडनाव उपाधीसारखेही वापरले जाते. खान अब्दुल गफार खान यांना 'सरहद्द गांधी' म्हणत, आणि कणकवलीजवळ गोपुरी आश्रम उभारणाऱ्या अप्पासाहेब पटवर्धनांना 'कोकणचे गांधी' म्हणत. भंगीमुक्तीसाठी आणि संडास-सफाईच्या नव्या पद्धतींसाठी आयुष्य वेचणाऱ्या माणसाला ही उपाधी मिळाली, हे तिच्या मूळ अर्थाला धरूनच आहे. 'गांधीगिरी' हा शब्द मात्र २००६ च्या एका हिंदी चित्रपटातून आला असून तो खेळकर निषेधाला लागतो. गंभीर लेखनात सत्याग्रहाच्या जागी तो वापरू नये.

७. नाथ पै आणि मधु दंडवते हे लोहियावादी होते, असे एका भाषणात ऐकले. ते बरोबर आहे का?

बरोबर नाही, आणि ही गल्लत वारंवार होते. समाजवादी असणे आणि लोहियावादी असणे या वेगळ्या गोष्टी आहेत. १९५५ च्या सुमारास समाजवाद्यांत फूट पडली, तेव्हा राममनोहर लोहिया यांनी वेगळा समाजवादी पक्ष काढला, तर राजापूर मतदारसंघातून १९५७ पासून लोकसभेवर निवडून येणारे नाथ पै प्रजासमाजवादी पक्षातच राहिले. १९७१ साली नाथ पै यांच्या निधनानंतर त्याच मतदारसंघातून निवडून आलेले मधु दंडवते हेही प्रजासमाजवादी परंपरेतले होते. बिगरकाँग्रेसवाद आणि इंग्रजी हटावची आग्रही भूमिका या गोष्टी 'लोहियावादी' शब्दात येतात. त्या या दोघांवर सरसकट लादता येत नाहीत.

गोंधळाचे एक कारण बहुधा गोवा हे आहे. १८ जून १९४६ रोजी मडगावच्या सभेने लोहियांनी गोव्यात नागरी स्वातंत्र्याची चळवळ पेटवली आणि तेथील मैदान आजही त्यांच्या नावाने ओळखले जाते. पुढे गोवा मुक्तीच्या सत्याग्रहात सर्व छटांचे समाजवादी उतरले. गोव्याच्या संदर्भात लोहियांचा आदर करणारा प्रत्येक जण पक्षाने लोहियावादी होता, असे त्यावरून ठरत नाही.

८. सावरकरवादी आणि हिंदुत्ववादी हे समानार्थी आहेत का?

नाहीत, 'हिंदुत्ववादी' हा मोठा परीघ आहे. विनायक दामोदर सावरकर १९२४ ते १९३७ या काळात रत्नागिरीत स्थानबद्ध होते आणि त्या वर्षांतील सहभोजने, १९३१ चे पतितपावन मंदिर, विज्ञाननिष्ठेचा आग्रह यांवर भर देणाऱ्यांना रत्नागिरीत 'सावरकरवादी' म्हणतात. गाय हा उपयुक्त पशू आहे, देव नव्हे, हे त्यांचे मत सावरकरवादी आवर्जून सांगतात. अनेक हिंदुत्ववाद्यांना ते मान्य नसते. उलट सावरकरांचे राजकीय हिंदुत्व मान्य करूनही स्वतःला सावरकरवादी न म्हणवणारे पुष्कळ आहेत. टीकाकार हे दोन्ही शब्द अदलाबदलीने वापरतात, हे वाचताना ध्यानात ठेवावे.

९. मार्क्सवादी, मार्क्सवादी-लेनिनवादी, माओवादी आणि नक्षलवादी यांचा क्रम कसा लावावा?

भारतीय पक्षांच्या नावांत हे शब्द आले असल्याने तारखांच्या मदतीने क्रम सहज लागतो. १९६४ साली भारतीय कम्युनिस्ट पक्ष फुटून मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्ष झाला, म्हणून 'माकप' आणि 'भाकप' ही लघुरूपे. त्यातून बाहेर पडलेल्यांनी २२ एप्रिल १९६९ रोजी, म्हणजे लेनिन यांच्या जन्मदिनी, मार्क्सवादी-लेनिनवादी पक्ष स्थापन केला. भाकप (माओवादी) हा २००४ साली दोन संघटनांच्या विलीनीकरणातून झाला. मार्क्सवादी कंस नसलेला भाकपही विचाराने मार्क्सवादीच आहे. कंस केवळ पक्ष ओळखण्यासाठी आहे.

'नक्षलवादी' हा शब्द या मालिकेत बसतच नाही, कारण तो नक्षलबाडी या गावावरून आला आहे. तसेच ज्यांना आपण आडनावे समजतो त्यांतील काही धारण केलेली नावे आहेत: लेनिन यांचे मूळ आडनाव उल्यानोव, स्तालिन यांचे जुगाश्विली. महाराष्ट्रात तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्यासारखे विद्वान ज्यांच्या प्रभावाखाली आले, त्या मानवेंद्रनाथ रॉय यांचे मूळ नाव नरेंद्रनाथ भट्टाचार्य होते, म्हणजे 'रॉयवादी' किंवा 'रॉयिस्ट' हा शब्द एका टोपणनावावर उभा आहे. माओ मात्र खरोखरच आडनाव आहे. चिनी नावात ते आधी येते.

१०. 'शिंदे गट' आणि 'ठाकरे गट' असे आज लिहिणे योग्य आहे का?

ज्या दिवसाविषयी लिहीत आहात, त्या दिवसावर ते अवलंबून आहे. जून २०२२ मध्ये शिवसेना फुटल्यानंतर काही महिने दोन्ही बाजू मूळ पक्षावर दावा करीत होत्या, त्यामुळे त्या काळासाठी दोन्ही 'गट' हा शब्द अचूक आहे. ऑक्टोबर २०२२ मध्ये निवडणूक आयोगाने 'शिवसेना (उद्धव बाळासाहेब ठाकरे)' आणि 'बाळासाहेबांची शिवसेना' अशी तात्पुरती नावे दिली. १७ फेब्रुवारी २०२३ च्या निर्णयाने शिवसेना हे नाव आणि धनुष्यबाण एकनाथ शिंदे यांच्या बाजूला मिळाले. त्यानंतरच्या घटनांसाठी औपचारिक लेखनात 'शिवसेना' आणि 'शिवसेना (उद्धव बाळासाहेब ठाकरे)' अशी नावे लिहावीत. वाचकाचा गोंधळ होण्याची शक्यता असल्यास पहिल्या उल्लेखात 'एकनाथ शिंदे यांच्या नेतृत्वाखालील शिवसेना' असे लिहिणे सोयीचे पडते.

'शिंदेसेना' आणि 'उबाठा' ही रूपे व्याकरणाने निर्दोष असली तरी ती प्रामुख्याने परस्परांच्या विरोधकांच्या तोंडी असतात. 'उबाठा' ही तर आयोगाने दिलेल्या नावाचीच आद्याक्षरे आहेत, पण ती उच्चारण्याच्या पद्धतीने तिला टोमण्याचा वास आला आहे. अवतरणाबाहेर ही रूपे टाळावीत. 'ठाकरे समर्थक' हाही शब्द अपुरा आहे, कारण २००६ पासून राज ठाकरे यांचा महाराष्ट्र नवनिर्माण सेना हा वेगळा पक्ष आहे.

राष्ट्रवादीच्या बाबतीत आडनाव निरुपयोगीच ठरते. दोन्ही बाजूंना पवार असल्याने 'पवार गट' या शब्दाने काहीच कळत नाही आणि म्हणून वृत्तपत्रांना संपूर्ण नावे लिहावी लागली. ६ फेब्रुवारी २०२४ रोजी मूळ नाव अजित पवार यांच्या बाजूला मिळाले आणि त्यानंतर दुसऱ्या पक्षाच्या नावात 'शरदचंद्र पवार' आले.

११. जुन्या कात्रणांत काँग्रेस (आय), काँग्रेस (आर), काँग्रेस (एस), रेड्डी काँग्रेस असे काय काय दिसते. कंसातले प्रत्येक अक्षर नेत्याचे असते का?

नसते, आणि येथेच अभ्यासक अधिक घसरतात. १९६९ च्या फुटीनंतर इंदिरा गांधींच्या बाजूला जो 'आर' लागला, तो अधिवेशनाची मागणी करणाऱ्यांसाठीच्या इंग्रजी शब्दाचा होता आणि समोरच्या बाजूचा 'ओ' हा संघटना या अर्थाचा होता. त्या 'आर'चा रेड्डींशी संबंध नाही. 'रेड्डी काँग्रेस' ही १९७८ ची गोष्ट आहे: इंदिरा गांधींनी वेगळा पक्ष केला तेव्हा मूळ पक्षाचे अध्यक्ष ब्रह्मानंद रेड्डी होते आणि महाराष्ट्रात यशवंतराव चव्हाण, वसंतदादा पाटील त्या बाजूला होते. याच फुटीतील दुसरी बाजू म्हणजे काँग्रेस (आय). येथे अक्षर नेत्याचे आहे, पण ते पहिल्या नावाचे आहे, आडनावाचे नाही.

'एस'चा अर्थ तर मधल्या काळात बदलला. आधी ते स्वर्णसिंग यांचे आद्याक्षर होते, नंतर देवराज अर्स यांच्यामुळे 'अर्स काँग्रेस' झाली आणि शरद पवार यांच्या अध्यक्षपदाच्या काळात तोच 'एस' समाजवादी या अर्थाने आला. त्यामुळे कात्रणाची तारीख पाहिल्याशिवाय या अक्षराचा उलगडा करू नये.

१२. 'राणे समर्थक' म्हणजे कोणत्या पक्षाचे?

या शब्दावरून पक्ष सांगता येत नाही. वर्ष सांगितले तर पक्ष सांगता येतो. नारायण राणे २००५ पर्यंत शिवसेनेत होते, त्यानंतर २०१७ पर्यंत काँग्रेसमध्ये, मग त्यांनी महाराष्ट्र स्वाभिमान पक्ष काढला आणि २०१९ साली तो भाजपमध्ये विलीन केला. सिंधुदुर्गातील अनेक कार्यकर्त्यांनी हा सगळा प्रवास त्यांच्याबरोबर केला, म्हणून त्यांचे स्थिर वर्णन पक्षाच्या नावाने होत नाही, आडनावाने होते. निष्ठेच्या नावाचा हा नमुनाच म्हणावा.

२०२४ नंतर एका वर्षासाठीही उत्तर एकच राहिलेले नाही. नारायण राणे भाजपचे खासदार आहेत, नितेश राणे कणकवलीतून भाजपचे आमदार, तर नीलेश राणे कुडाळमधून शिवसेनेचे आमदार. 'राणे समर्थकांनी अर्ज भरला' असे वाक्य आता अपुरे आहे. कोणत्या राण्यांचे आणि कोणत्या पक्षाकडून, हे दोन्ही सांगावे लागते.

बांद्याहून पत्रादेवी ओलांडली की आणखी एक अडचण येते. गोव्यात राणे म्हटले की सत्तरीचे राणे, म्हणजे अनेक वर्षे मुख्यमंत्री राहिलेले प्रतापसिंह राणे यांचे घराणे आधी आठवते. दोडामार्ग, सावंतवाडी आणि गोवा येथे एकत्र वाचल्या जाणाऱ्या मजकुरात पहिले नाव लिहिण्याचा आळस करू नये.

१३. ग्रामपंचायतीला पक्षाचे चिन्ह नसते. मग 'अमुक गटाचा सरपंच निवडून आला' असे कशाच्या आधारावर लिहितात?

बहुधा निकालानंतरच्या दाव्याच्या आधारावर. महाराष्ट्रात ग्रामपंचायतीची निवडणूक पक्षचिन्हांवर होत नाही. गाव पॅनेल, ग्रामविकास पॅनेल अशा नावांनी वाडी-वाडीची, भावकीची आणि देवस्थानच्या मानपानाची गणिते जुळवून उमेदवार उभे राहतात. गुलाल उधळून झाल्यावर सरपंच ज्या नेत्याच्या बंगल्यावर सत्काराला जातो, त्याचे आडनाव त्याला लागते, आणि कधी कधी एकाच सरपंचावर दोन पक्ष हक्क सांगतात. म्हणून येथे 'गट' हा शब्द वापरायचाच असेल तर दावा कोणाचा आहे हे लिहावे आणि सरपंचाला स्वतःला विचारावे. पंचायत समिती आणि जिल्हा परिषद पक्षचिन्हांवर लढवल्या जातात, त्यामुळे तेथे ही सबब चालत नाही.

१४. कोकणातील काही मोठ्या नेत्यांच्या नावाने 'वाद' किंवा 'गट' का झाला नाही?

कारणे निरनिराळी आहेत. संघटना भक्कम असेल तर तिचे नाव नेत्याच्या नावाला झाकते: गोळवलकर हे आडनाव संगमेश्वराजवळच्या गोळवली गावाचे, पण 'गोळवलकरवादी' हा शब्द रूढ नाही, कारण अनुयायी स्वतःला संघाचे म्हणवतात. काम ठळक असेल तर कामाचे नाव उरते. पेण तालुक्यातील गागोदे येथे जन्मलेल्या विनोबांचे अनुयायी 'सर्वोदयी' किंवा 'भूदानवाले' झाले. तिसरे कारण अगदी साधे आहे. अलिबागजवळच्या चरी गावी १९३३ ते १९३९ असा दीर्घ शेतकरी संप चालवणारे नारायण नागू पाटील कितीही मोठे असले, तरी रायगडात 'पाटीलवादी' म्हटले तर निम्म्या गावाने मागे वळून पाहिले असते. तेथे 'शेकाप' आणि 'लाल बावटा' हेच शब्द चालले.

१५. नेता गेल्यावर त्याच्या नावाचे काय होते?

निष्ठेचे नाव साधारणपणे एका पिढीत विरते किंवा वारसाकडे जाते, तर विचाराचे नाव टिकते आणि पसरते. पसरताना ते इतके सैल होऊ शकते की परस्परविरोधी माणसे एकाच नावाखाली उभी राहतात. अर्जेंटिनाचे हुआन पेरॉन १९७४ साली गेले, पण 'पेरॉनवादी' म्हणवणारे डावे आणि उजवे दोन्ही त्या देशात पुढेही सत्तेवर आले. कधी आडनावाचे सामान्यनाम होते. नॉर्वेत १९४० साली नाझींशी हातमिळवणी करणाऱ्या क्विसलिंग यांचे आडनाव युरोपीय भाषांत 'देशद्रोही' या अर्थाने कोशात गेले. मराठीत त्यासाठी आपल्याकडे आधीच 'सूर्याजी पिसाळ' असल्याने क्विसलिंगची गरज पडली नाही.

१६. 'राणेंचे' की 'राण्यांचे'? 'शिंदे गट' की 'शिंदेगट'?

एकारान्त आडनावांचे जुने सामान्यरूप 'राण्यांचे', 'ठाकऱ्यांचे', 'शिंद्यांचे', 'फुल्यांचे' असे होते आणि बोलण्यात ते आजही टिकून आहे. वृत्तपत्रांत आडनाव न बदलता 'राणेंचे', 'ठाकरेंचे' लिहिण्याची पद्धत रूढ झाली आहे. दोन्ही चालतील, पण एका मजकुरात एकच ठेवावे. औपचारिक लेखनात 'राणे यांचे' हे सर्वांत सुरक्षित, कारण त्यात आडनाव जसेच्या तसे राहते आणि आदरही राखला जातो.

'वाद', 'वादी', 'पंथी' हे आडनावाला जोडूनच लिहावेत: नेहरूवाद, लोहियावादी, टिळकपंथी. 'गट' हा समासाच्या नियमाने जोडून लिहायला हवा, कारण 'शिंद्यांचा गट' असा त्याचा विग्रह होतो. छापील व्यवहारात मात्र तो तोडून लिहिला जातो आणि वाचायलाही तेच सोपे पडते. दोन आडनावे असतील तर संयोगचिन्ह द्यावे: फुले-आंबेडकरवादी, मार्क्सवादी-लेनिनवादी. 'फुले-शाहू-आंबेडकरवादी' यात शाहू हे आडनाव नाही, तरी हा शब्दप्रयोग इतका रुळला आहे की त्यात दुरुस्ती करू नये.